जित्या भावाचा दुखवटा

हिंगणी
१४ जुलै २०२४

चिरंजीव अभिमन्यू भाऊजी,

एरवी नुसतं 'चि.' लिहून भागवलं असतं. या वेळी अख्खा शब्द लिहिला आणि लिहिताना मनातल्या मनात म्हटलासुद्धा. का, ते तुम्हाला आतापावेतो कळलंच असेल. आपल्याकडे वाईट बातमीला रस्ता लागत नाही.

जिल्हा परिषदेचं तुमचं ठरलेलं तिकीट आमच्या रविराजला गेलं आणि तुम्ही हिंगणी सोडून धारूरच्या डोंगरावर जाऊन बसलात, त्याला बारा वर्षं होऊन गेली. तेव्हापासून या घरातला कुठलाच फोन तुम्ही उचलत नाही. भावाचा नाही, पुतण्याचा नाही, माझाही नाही. माझ्यावर कशाचा राग होता ते एकदा सांगायचं होतं. असो. फोन नाही म्हणून पत्र.

शुक्रवारी केजला रामकिसनच्या नातीचं लग्न होतं. तुमच्याबरोबर भिंती रंगवत हिंडणारा तोच आपला रामकिसन. तुमचे भाऊ सकाळी एका दहाव्याला नदीवर गेले, तिथे श्रद्धांजलीचं बोलले, घरी येऊन अंघोळ केली आणि तसेच लग्नाला निघाले. मीही बरोबर होते. तुम्हाला नवीन नाही. चाळीस वर्षं यांचं हेच चाललंय, सकाळी दहावा, दुपारी लग्न आणि मधल्या वेळात आमदारकी.

मुहूर्त केव्हाच टळला होता. नाना आल्याशिवाय अंतरपाट धरायचा नाही, ही रीत तुम्हीच पाडलीत, भोगतात नवरा-नवरी. आम्ही पोचलो तसा माईकवाला म्हणाला, "सगळ्यांनी जागेवर उभं राहावं, शांतता राखावी. नाना दोन शब्द बोलतील." त्याचं काही चुकलं नाही हो. पण सकाळी नदीवरही याच शब्दांनी यांच्या हातात माईक आला होता.

यांनी मान खाली घातली. म्हणाले, "आज आपन सगळे जड अंतःकरणानं हितं जमलोत."

मागे कोणीतरी हसलं. नाना थट्टा करतायत असं वाटलं असेल. मग हे म्हणाले, "माझा धाकटा भाऊ अभिमन्यू आपल्यातनं गेला. धाकट्याच्या दहाव्याला थोरल्यानं बोलायचं, ही पाळी वैऱ्यावर येऊ नये."

रविराज धावत स्टेजवर चढला आणि माईकला हात घातला. यांनी तो हात झटकला. "बोलू दे बे," म्हणाले. आणि भाऊजी, काय बोलले! विधानसभेत मी गॅलरीत बसून यांना ऐकलंय, तिथे असे कधी बोलले नाहीत. पहिल्या निवडणुकीला तुम्ही राजदूत फटफटीवर लाऊडस्पीकर बांधून डोंगरातल्या वाड्या-तांडे पालथे घातलेत, घसा बसला तर हळद घातलेलं दूध पिऊन पुन्हा निघालात, ते सगळं गावांच्या नावांसकट सांगितलं. यांना काल काय जेवले ते आठवत नाही. शेवटी म्हणाले, "दोन मिंटं स्तब्ध राहून अभिमन्यूला श्रद्धांजली वाहू." आणि अख्खा मांडव मुठीत अक्षता घेऊन गप उभा राहिला. नवरी खाली मान घालून रडत होती की हसत होती, देव जाणे. नवरदेव फेट्यात घामाघूम. एका माणसाच्या तोंडून निघालं नाही की नाना, अभिमन्यूराव धारूरला धडधाकट आहेत. रामकिसनच्याही नाही. माझ्याही नाही. मग मंगलाष्टका झाल्या.

त्याच दिवशी रविराजने यांचं 'अभिमन्यू आपल्यातनं गेला' एवढंच एक वाक्य मोबाइलवर सगळीकडे सोडलं. खाली लिहिलं, 'नानांनी घरभेद्याशी नातं तोडलं, आमच्यासाठी अभिमन्यू मेला.' तुमच्यापर्यंत तेच आलं असणार. ते खोटं आहे. हे रागाने बोलले नाहीत. यांना खरंच वाटलं की तुम्ही गेलात.

यांना विसर पडत चाललाय. दोनेक वर्षं झाली. संभाजीनगरच्या डॉक्टरने आजाराचं नाव सांगितलं आणि हेही सांगितलं की हा मागे फिरणारा आजार नव्हे. घरात आम्ही तिघंच जाणतो: मी, रविराज आणि नाथा. नाथा म्हणजे यांचा ड्रायव्हर, सेक्रेटरी, आणि हल्ली यांची आठवणही तोच.

आता मुद्द्याचं. दिवाळीच्या सुमारास निवडणूक येतेय. रविराजच्या नावाला पक्ष तयार नाही आणि यांच्या नावाला नाही म्हणायची कोणाची छाती नाही. यांनी थांबतो म्हटलं तर तिकीट यांच्या जुन्या वैऱ्याकडे, अंगदकडे जाणार. म्हणून यांना सातव्यांदा उभं करायचं चाललंय. मला यांना घरी आणायचंय, भाऊजी. अजून कधी कधी सकाळी मला नावाने हाक मारतात. ती हाक सभांमध्ये संपून जायला नको. हे आयुष्यात एकाच माणसाचं ऐकत आले, ते तुम्ही. एकदा या आणि "नाना, आता बास" म्हणा.

माझ्या जावेची, वनमालाची, समजूत घालू नका. तिला राग आला असेल तर तो बरोबर आहे.

तुमची वहिनी,
विजयमाला

---

हिंगणी
९ सप्टेंबर

भाऊजी,

पत्राचं उत्तर नाही. उत्तर वनमालाचं आलं, तेही तोंडी. नाथा धारूरला गेलता तेव्हा तिने त्याला उंबऱ्याबाहेर उभं करून सांगितलं, "आमच्या घरात जिता मानूस हाय. ज्यानं मारला त्यानंच येऊन जिता करावा." नाथाने निरोप जसाच्या तसा दिला. माझी धाकटी जाऊ बोलायला पहिल्यापासून तिखट. मी तिला कशी नावं ठेवू? माझ्या कुंकवाबद्दल कोणी असं बोललं असतं तर मी पायताणच काढलं असतं.

उद्या महालक्ष्म्या बसतील. दरवर्षी मुखवटे तुम्ही आणायचात. आता रविराजची माणसं आणतात. फोटो काढतात आणि जातात.

यांचा दरबार चालू आहे. सकाळी यांना कडक कपडे घालून ओसरीवरच्या दिवाणावर बसवतात. पूर्वी माणूस फाटकातून आत आला की हे त्याच्या गावाचं, बापाचं, बैलाचं नाव घेऊन हाक मारायचे. आता आलेल्या प्रत्येकाला तीनच वाक्यं: "बसा. गाव कोणतं? काय काम काढलं?" लोक म्हणतात, नाना म्हातारपणी किती नम्र झाले! नाथा मागून कानात नाव सांगतो, हे हात जोडतात, रविराज काम करतो. खरं सांगू, कामं पहिल्यापेक्षा लवकर होतात. त्यामुळे कोणाचीच तक्रार नाही.

परवा मी चहा घेऊन गेले तर माझ्याकडे बघून म्हणाले, "बसा बाई. गाव कोणतं?" पन्नास वर्षांचा संसार माझा. हसू आलं. मी दिवाणासमोर खुर्चीवर बसले, हिंगणीचीच म्हणून सांगितलं. "काय काम काढलं?" म्हणाले. मी म्हटलं, "मालक राजकारणातून घरी येत न्हाईत. तेवढं बघा." यांनी अगदी मनापासून ऐकून घेतलं. "आसं करू नये मानसानं," म्हणाले. "नाथा, ह्या बाईचं लिहून घे." नाथाने खरंच वही उघडली. बिचारा रडत होता.

मी हातावर हात धरून बसले नाही, हे तुम्हाला कळावं म्हणून लिहिते. मुंबईहून पक्षाचे निरीक्षक आले होते, जेवायला इथेच होते. वाढता वाढता मी त्यांना सरळ सांगितलं की यांची स्मृती गेलीय, यांना तिकीट देऊ नका. ते गृहस्थ पुरणपोळीवर तूप ओढून घेत म्हणाले, "वहिनी, या क्षेत्रात विस्मरण हा गुणच समजतात." सगळी पंगत हसली. हेही हसले. निरीक्षक गेल्यावर रविराज माझ्याजवळ येऊन बसला. ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं. म्हणाला, "आई, एवढी पाच वर्षं. न्हाईतर अंगद आपल्याला गावात राहू देईल का? आनि नाना घरी बसून तरी काय करतील? गर्दी न्हाई दिसली तर दोन महिन्यांत जातील."

रामकिसनला बोलावून घेतलं. म्हटलं, तुम्ही जुनी माणसं एकत्र येऊन सांगा की नानांना सोडा. त्याने डोकं खाजवलं. "ताई," म्हणाला, "नाना नुस्ते बसले तरी आमाला आधार हाय. देव तरी कुठं बोलतोय?"

आता सांगा, देवाला घरी कसं आणायचं?

तुम्ही या.

विजयमाला

---

हिंगणी
२१ ऑक्टोबर

भाऊजी,

तिकीट आलं. गुरुवारी गुरुपुष्य आहे, त्या मुहूर्तावर फॉर्म भरायचा ठरलाय. घरासमोर मांडव पडलाय, वाजंत्री सांगितलीय. यांना वाटतंय कोणाचं तरी लग्न आहे. सकाळपासून विचारतात, "मुलगी कोनाची?"

लांबड लावत नाही. पहिल्या पत्रात मी यांच्या भाषणातलं एक वाक्य गाळलं होतं. शेवटी मी रविराजची आई. ते वाक्य तुमच्या हाती पडलं तर तुम्ही त्याला आयुष्यभर माफ करणार नाही, असं वाटलं. रविराजने ते मोबाइलवरून कापलं आणि मी पत्रातून. आता लपवून काय राहणार आहे?

अक्षता हातात घेऊन माणसं उभी असताना हे म्हणाले, "तिकीट अभिमन्यूचंच होतं. मी पोराच्या मायेपायी त्याचा हक्क मारला. त्याच्या दारात जाऊन सांगायचं धाडस झालं न्हाई. मतं मागायला मी कोनाच्याबी दारात गेलो, भावाच्या दारात जाता आलं न्हाई. आता त्यो ऐकायला ऱ्हायला न्हाई."

हे असं आहे. तुम्ही बारा वर्षं ज्या शब्दाची वाट बघत डोंगरावर बसलात, तो भर मांडवात बोलला गेला. तुम्हीच तेवढे नव्हता.

गुरुवारी सकाळी या. दहाला इथून निघतील. एकदा फॉर्मवर सही झाली की माझ्या हातात काही उरणार नाही. रविराजची माणसं तुम्हाला फाटकावर अडवतील, मी स्वतः फाटकापाशी उभी राहीन.

विजयमाला

---

हिंगणी
२६ ऑक्टोबर

भाऊजी,

तुम्ही आलात. त्यासाठी तुमचे पाय धरायला हवेत. आणि पुढे जे केलंत त्यासाठी काय करावं, तेच कळत नाही. दोन दिवस राग गिळत बसले होते. आज लिहून टाकते, नाहीतर मला पचायचा नाही.

तुम्हाला फाटकातून आत मी आणलं. पांढरा सदरा, डोक्याला टोपी, केस सगळे पिकलेले. बारा वर्षांत किती वाळलात हो! गर्दी बाजूला झाली. रविराज तोंड वळवून फोनवर बोलू लागला. तुम्ही दिवाणाजवळ जाऊन यांच्या पायांवर डोकं ठेवलंत. माझा जीव कानात गोळा झाला होता.

"बसा," हे म्हणाले. "गाव कोणतं?"

"हिंगणीच, नाना."

"हिंगणीचे? कुनाचे वो?"

तुमचा आवाज मला ऐकू येईना. "गहिनीनाथ पाटलांचा धाकटा," म्हणालात.

यांनी तुमच्याकडे किती वेळ बघितलं! मला वाटलं, उघडलं दार. मग यांचे डोळे भरून आले. तुमचा हात हातात घेऊन म्हणाले, "गहिनीनाथाचा धाकटा गेला की वो. माझा भाऊच त्यो. त्याच्या दहाव्याला मीच बोललो. तुमी न्हवते का?"

तुम्ही तेव्हा बोलायला हवं होतं. मी खांबाआडून खुणा करत होते. नाना, मी अभिमन्यू, आता बास करा, घरात चला. एवढंच ठरलं होतं. तुम्ही "न्हवतो" म्हणालात. फक्त तेवढंच.

वाजंत्री सुरू झाली. दोघांनी यांना उठवलं. तर यांनी तुमचा हात सोडलाच नाही. "पावनं, गर्दी लई हाय," म्हणाले. "माझ्यासंगं गाडीत बसा. धाकटा असता तर त्योच बसला असता." आणि तुम्ही बसलात! ज्या माणसाला मी थांबवायला बोलावलं, तोच यांच्या शेजारी बसून गेला. मी फाटकात उभी राहून गाडीची धूळ बघत होते.

पुढचं नाथाकडून कळलं. टेबलासमोर यांचा हात अडला. पेन धरून नुसते बसून राहिले. अधिकारी बघतायत, रविराजच्या तोंडचं पाणी पळालंय. तेव्हा तुम्ही कागदावर बोट ठेवून म्हणालात, "नाना, हितं." आणि यांनी सही केली. रविराजला जे साधलं नसतं ते तुम्ही करून दिलंत. दुसऱ्या दिवशी पेपरात तुमचा दोघांचा फोटो: भाऊ भाऊ एक झाले. रविराज म्हणतोय, त्या एका फोटोने अंगदची निम्मी हवा काढली.

का केलंत असं? नाथा सांगतो, परत येताना तुम्ही गाडी थांबवायला लावलीत. मध्येच रस्त्यावर उतरून धारूरची जीप पकडलीत. मला भेटायलासुद्धा आला नाहीत.

आता हे लिहिता लिहिता राग उतरला माझा. या माणसाने "चला" म्हटल्यावर न निघणारा माणूस मी पाहिला नाही. मीही माहेरची आजारी आई टाकून प्रचाराला निघाले होते. तुम्ही तरी कसे अपवाद असणार? तुमचं बोट त्या कागदावर कसं गेलं असेल, ते मला कळतं. त्यांचा हात अडलेला तुम्हाला बघवला नाही.

पण मग आता कोणाला बोलावू? माझ्याकडे दुसरं नाव नाही.

विजयमाला

---

हिंगणी
२४ नोव्हेंबर

भाऊजी,

निवडून आले. मागच्या वेळेपेक्षा जास्त मतांनी. ऊसतोडीच्या टोळ्याही मतदान होईस्तोवर थांबल्या होत्या. आता गाव अर्धं रिकामं झालं.

काल दुपारी निकाल लागला तसं अंगण माणसांनी भरून गेलं. यांना उचलून बाहेर आणलं. बायका पदर सावरत, पुरुष टोप्या सावरत, एकामागून एक पाया पडू लागले. हे घाबरून माझा हात शोधू लागले. मी पुढे झाले. कानाशी म्हणाले, "एवढी मानसं जमलीत. कोन गेलं गं?"

मी म्हटलं, "कोनी न्हाई गेलं. तुमी निवडून आलाव."

"मग तू कावून रडायलीस?"

बघा, मला ओळखलं होतं. तेवढ्यात कोणीतरी वरून गुलालाचं पोतं रिकामं केलं आणि पोरांनी यांना खांद्यावर घेतलं. पुन्हा घरात आणलं तेव्हा मी परकी बाई झाले होते.

तुम्ही पेढे पाठवले नाहीत, ते चांगलं केलंत.

विजयमाला

---

हिंगणी
११ डिसेंबर

भाऊजी,

शपथविधी पार पडला. रविराजने पंधरवडाभर तयारी करून घेतली होती, त्याची गरज नव्हती. सहा वेळा घेतलेली शपथ, सातव्यांदा एका दमात म्हणाले. टाळ्या पडल्या. सोमवारपासून नागपूरचं अधिवेशन आहे, तिकडे न्यायचंय म्हणे. तिथे थंडी आहे. स्वेटर कुठला द्यायचा एवढंच मला विचारतात. बाकीचं विचारायचं त्यांनी कधीच सोडलं.

यांना घरी आणायचं मी सोडून दिलं, भाऊजी. हरले म्हणा. ज्यांनी मदत करायची ते सगळे चांगलेच होते: लेक, पक्ष, लोक, तुम्ही. वाईट माणूस असता तर त्याच्याशी भांडले असते. आता मागते ते फार थोडं आहे. नाही म्हणू नका.

परत आल्यापासून यांनी एकच ध्यास घेतलाय. पहाटे उठून आपल्या हाताने पांढरे कपडे घालून ओसरीवर बसतात आणि नाथाला हाक मारतात. "गाडी काढ. धारूरला अभिमन्यूच्या घरी जायचंय. आजून गेलो न्हाई मी. सगळ्या तालुक्याच्या दुखवट्याला गेलो आनि भावाच्या घरी न्हाई. लोक काय म्हनतील?" नाथा काहीबाही सांगून वेळ मारून नेतो. हे जेवत नाहीत. दुखवट्याला जाऊन आल्याशिवाय गोड खायचं नाही म्हणतात. काल खिरीची वाटी सरकवून दिली. रविराजला मी फोनवर सांगून बघितलं, तो म्हणाला, "जित्या मानसाच्या घरी दुखवट्याला नेऊ? कोनी बघितलं तर लोक हसतील." रविराज यांच्या मंत्रिपदासाठी मुंबईत आहे, सोमवारी परस्पर नागपूरला येईल.

म्हणून रविवारी सकाळी आम्ही तिघं येतो. मी, हे आणि नाथा. बरोबर ना पोलीस, ना कार्यकर्ते. चाळीस वर्षांच्या राजकारणात यांचं मला एवढंच वळवता आलंय, एका रविवारची गाडी.

ओसरीवर सतरंजी टाकून ठेवा. तुम्ही तिथे बसा. हे तुम्हाला ओळखणार नाहीत, ते धरूनच बसा. मृताचा चुलत भाऊ समजतील, शेजारी समजतील, जे समजतील ते व्हा. यांना बोलू द्या. जे मांडवात बोलले तेच पुन्हा बोलतील, आणि या वेळी ऐकायला तुम्ही असाल. तिकिटाचं बोलतील. हात धरून माफी मागतील, तर ती घ्या. तुमच्यासाठी नाही घेता आली तर मेलेल्या भावातर्फे घ्या. एवढा अधिकार तुम्हाला आहे.

वनमालाचं काय करावं, हे मला कळत नाही. तिने कुंकू पुसायचं नाही, बांगडीला हात लावायचा नाही. पदर पुढे ओढून आत बसली तरी चालेल. आणि तिला वाटलं की बाहेर येऊन यांना बोल लावावा, तर लावू दे. तिच्या दारात ज्याने यायला हवं होतं तो येतोय, असा का येईना. तिला सांगा, मोठी जाऊ पाया पडते म्हणून.

चहाचा आग्रह करू नका. दुखवट्याच्या घरी हे पाण्याशिवाय काही घेत नाहीत. पाणी मात्र तुमच्या हाताने द्या.

अर्ध्या तासाने हे उठतील. तुमच्या खांद्यावर हात ठेवतील आणि पाठ फिरवून गाडीकडे चालू लागतील. मागे वळून बघणार नाहीत, 'येतो' म्हणणार नाहीत. अशा घरातून निघताना तसं म्हणत नाहीत. त्याचं मनाला लावून घेऊ नका.

तुमची वहिनी,
विजयमाला